काळ्या कोटाचा आतला खिसा

ठाण्याच्या जिल्हा न्यायालयात मी २२ वर्षे वकिली करते आहे आणि या काळात मी सहा काळे कोट झिजवले. ते सहाही तयार विकत घेतलेले होते आणि त्यांतला एकही माझ्या अंगासाठी बेतलेला नव्हता. सातवा कोट मी गेल्या वर्षी नौपाड्यातल्या टेलरिंगच्या एका छोट्या दुकानात शिवून घेतला. तो घालून पहिल्यांदा उलटतपासणीला उभी राहिले, त्या दिवशी सकाळभर आपण एकदाही खांदा सावरला नाही, हे मला दुपारी डबा खाताना जाणवले. त्या दुकानाविषयी, तिथल्या कामाविषयी आणि त्या कामातल्या उणिवांविषयी मला सविस्तर लिहायचे आहे.

दुकानाचे नाव मी इथे देत नाही, कारण ते चालवणाऱ्या काकूंनी तशी स्पष्ट विनंती केली आहे. त्यांच्याकडे तीन मशीन आणि दोन मदतनीस बायका आहेत, हाती घेतलेलेच काम वेळेवर पुरे होत नाही आणि दारात आलेल्या बाईला परत पाठवणे त्यांच्या जिवावर येते. गोखले रोडच्या मागे, घंटाळीच्या बाजूला, ज्या थोड्या जुन्या इमारती अजून पाडल्या गेलेल्या नाहीत, त्यांतल्या एकीच्या पहिल्या मजल्यावर हे दुकान आहे, एवढे सांगणे पुरे. नाव न देता परीक्षण लिहिण्यात मला अर्थ वाटतो, कारण इथे काम कसे चालते हे समजले, तर वाचणाऱ्या बाईला आपल्या नेहमीच्या टेलरकडेही काय मागायचे ते कळेल.

आधी त्या सहा कोटांविषयी. वकिलांचे कपडे विकणाऱ्या दुकानांत ‘लेडीज कोट’ म्हणून जो मिळतो, तो माझ्या अनुभवात बहुतेक वेळा पुरुषांच्या लहान मापाचाच कोट असतो आणि त्याला कमरेत दोन टक्स मारलेले असतात. खांद्याची शिवण माझ्या खांद्याच्या पुढे अर्धा-पाऊण इंच उतरायची, आतले पॅड दंडावर लोंबायचे आणि बाही अंगठ्याच्या मुळापर्यंत यायची. सर्वांत त्रास मुंढ्याचा, म्हणजे बाही जिथे अंगाला जोडतात त्या कापाचा होता. मुंढा खोल कापलेला असला की हात वर करताना बाहीबरोबर सगळा कोट वर खेचला जातो, कॉलर मानेपासून सुटते, छातीवरचे बटण ताणले जाते आणि मधल्या फटीतून आतला ब्लाउज दिसू लागतो. साक्षीदाराला कागद दाखवण्यासाठी उजवा हात पुढे केला की डाव्या हाताने कोटाची पुढची बाजू धरून ठेवायची, ही सवय मला इतकी जडली होती की ती सवय आहे हेच मी विसरून गेले होते. एका दुकानात मी याची तक्रार केली तेव्हा ‘बायकांचे कोट असेच येतात’ असे उत्तर मिळाले. माझ्याबरोबर आलेल्या पुरुष सहकाऱ्याने त्याच दुकानातून त्याच दिवशी घेतलेल्या कोटाला आत दोन खिसे होते. माझ्या कोटाला आत एकही नव्हता.

बार कौन्सिल ऑफ इंडियाच्या नियमांत स्त्री वकिलांच्या पोशाखाचा स्वतंत्र उल्लेख आहे. पूर्ण बाह्यांचे काळे जाकीट किंवा ब्लाउज, पांढरी कॉलर आणि गळ्याशी बांधायचे पांढरे बँड, किंवा पांढरा ब्लाउज आणि त्यावर समोरून उघडा काळा कोट. खाली साडी, लांब स्कर्ट, चुडीदार किंवा सलवार-कुर्ता, आणि रंग पांढरा, काळा किंवा साडी-स्कर्टसाठी एखादा सौम्य, बिननक्षीचा. सर्वोच्च आणि उच्च न्यायालये सोडली तर उन्हाळ्यात कोटाची सक्ती नाही. रंग आणि बँड यांची इतकी बारकाईने नोंद असली, तरी कोट कोणाच्या अंगाच्या मापाने बेतावा याविषयी नियमांत काही नाही, आणि ते ठरवणे नियमांचे कामही नव्हे. १९२३ च्या कायद्याने या देशातल्या स्त्रियांना वकिलीचा मार्ग मोकळा झाला, त्याच काळात मिठन लाम यांनी वकील म्हणून मुंबई उच्च न्यायालयात पाऊल ठेवले आणि १९७८ मध्ये सुजाता मनोहर त्या न्यायालयाच्या पहिल्या स्त्री न्यायाधीश झाल्या. पण पेशाचा पोशाख यांपैकी कोणी येण्याच्या कितीतरी आधी ठरून गेलेला होता. आम्ही आलो आणि त्या कोटात शिरलो. माझ्या पिढीने तो कधी उसवून पाहिला नाही.

या दुकानात गेल्यावर काकू आधी टेप हातात घेत नाहीत. स्टुलावर बसायला सांगतात, लांबट हिशेबवही उघडतात आणि विचारतात, “हे घालून तुम्ही काय करणार?” मी म्हणाले, कोर्टात घालणार. “ते कळलं हो, वकीलबाई. पण कोर्टात दिवसभर करता काय? उभ्या किती वेळ, बसलेल्या किती? पिशवी कुठल्या खांद्यावर? बोलताना कुठला हात हलतो?” या प्रश्नांची उत्तरे द्यायला मला वेळ लागला, कारण माझ्या कपड्यांबाबत आजवर मला एवढेच विचारले गेले होते की गळा किती खोल आणि बाही कुठपर्यंत. लोकलने फोर्टला आठवड्यातून किती वेळा जाता, उच्च न्यायालयात कोटावर गाऊन चढतो का, चष्मा काढून ठेवता तेव्हा कुठे ठेवता, असे सगळे त्यांनी वहीत लिहून घेतले. मग त्या उठल्या आणि मापे घेऊ लागल्या.

मापे चोवीस होती. दोन्ही खांदे वेगवेगळे मोजले आणि उजवा खांदा डाव्यापेक्षा पाव इंच उतरलेला निघाला, जे फायलींची पिशवी वाहणाऱ्या बाईच्या बाबतीत काकूंना अपेक्षितच होते. पुढची उंची आणि पाठीची उंची वेगळी घेतली, कारण छातीवरून जाणारे कापड पाठीवरच्या कापडापेक्षा लांब लागते आणि तेवढी लांबी दिली नाही तर कोट पुढून उचललेला दिसतो. या सगळ्यात एक गोष्ट मला विशेष वाटली, ती अशी की काकू मापाचे आकडे मोठ्याने उच्चारत नाहीत. माप घेणाऱ्याने आपल्या छातीचा आणि कमरेचा आकडा ओरडायचा आणि कोपऱ्यातल्या मुलाने तो लिहून घ्यायचा, तोवर बाकावर बसलेल्या गिऱ्हाइकांनी तो ऐकायचा, हे ठाण्यातल्या बहुतेक बायकांनी वयाच्या तेराव्या-चौदाव्या वर्षापासून सोसलेले आहे. इथे काकू आकडा पाहतात, टेप गळ्यात टाकतात आणि स्वतः लिहितात. मोठ्या मापाच्या बाईकडून शिलाईचे जादा पैसे घेतले जात नाहीत, फक्त कापड जास्त लागले तर तेवढे आणायला सांगतात.

कोटाच्या कापडाला कात्री लागण्याआधी मांजरपाटाचा कच्चा कोट तयार होतो. त्याला धावदोरा घालून तो गिऱ्हाइकाच्या अंगावर चढवतात आणि मग जे चालते, ते मी दुसऱ्या कुठल्याही टेलरकडे पाहिलेले नाही. आरशासमोर सरळ उभे राहून वळून पाहणे इथे शेवटी येते. आधी स्टुलावर बसायचे, मग वाकून जमिनीवरचा जुन्या वह्यांचा गठ्ठा उचलायचा, मग उजवा हात डोक्याच्या वर न्यायचा, जसा आपण लोकलच्या डब्यात कडी धरताना नेतो. माझ्याकडून त्यांनी युक्तिवाद करताना मी जशी बोलते तशी दोन-चार वाक्येही बोलून घेतली, कारण बोलताना माझे दोन्ही कोपर अंगापासून सुटतात हे त्यांना पाहायचे होते. मी अवघडले होते, पण तिसऱ्या वाक्यापर्यंत विसरले. त्या वेळी काकू माझ्या मागे उभ्या राहून पाठीवरच्या मांजरपाटावर खडूने खुणा करत होत्या.

मुंढ्याविषयी त्यांचे म्हणणे असे की तो जितका काखेच्या जवळ, म्हणजे वर, बसेल तितका हात मोकळा होतो. ऐकायला हे उलटे वाटते, कारण सैल कपडा म्हणजे मोकळा कपडा अशीच आपली समजूत असते. पण बाहीचा सांधा काखेपासून जेवढा खाली, तेवढी बाही आणि अंग एकमेकांना बांधलेले राहतात, आणि हात उचलला की अंगावरचे कापडही उचलले जाते. फॅशनच्या इतिहासात ही गोष्ट कोको शॅनेलने हट्टाने धरून ठेवली होती. १९५४ मध्ये, वयाच्या सत्तरीत, तिने पॅरिसमधले आपले बंद पडलेले दालन पुन्हा उघडले आणि स्त्रियांसाठी जे दोन भागांचे सूट बनवले, त्यांच्या जाकिटाचे मुंढे अरुंद आणि उंच असत आणि जाकीट अंगावर सरळ पडावे म्हणून आतून अस्तराच्या खालच्या कडेला बारीक साखळी शिवलेली असे. काकूंना शॅनेल हे नाव अत्तरामुळे ठाऊक होते; साखळीची गोष्ट मी सांगितली तेव्हा त्यांनी शिवण थांबवली, विचार केला आणि म्हणाल्या, “मी पडद्याला शिसं घालते, तसंच ते.” माझ्या कोटात साखळी नाही, पण मागच्या कडेला आतून दुहेरी पट्टी आहे आणि कोट वाऱ्यात उडत नाही.

खांद्यांबाबत आमचा थोडा वाद झाला. मला पॅड हवे होते. माझी समजूत अशी होती की न्यायाधीशांच्या समोर उभ्या राहणाऱ्या बाईचे खांदे रुंद आणि टोकदार दिसले पाहिजेत, आणि ही समजूत काही मी एकटीने तयार केलेली नाही. १९३० च्या दशकात एल्सा स्कियापरेली या डिझायनरने स्त्रियांच्या कोटांना भरीव खांदे दिले, आणि १९८० च्या दशकात स्त्रिया मोठ्या संख्येने कचेऱ्यांतल्या वरच्या खुर्च्यांकडे निघाल्या तेव्हा ‘पॉवर ड्रेसिंग’ या नावाखाली तेच खांदे आणखी रुंद होऊन परत आले. त्यांच्या मधल्या काळात, १९६६ मध्ये, इव्ह सँ लोराँने पुरुषांच्या रात्रीच्या मेजवानीचा टक्सिडो स्त्रीसाठी बेतून ‘ले स्मोकिंग’ नावाने सादर केला. तो पॅरिसमध्ये बेतला गेला हे लक्षात घेण्यासारखे आहे, कारण त्या शहरात स्त्रियांनी पोलिसांच्या परवानगीवाचून पँट घालू नये असा १८०० सालचा हुकूम कागदोपत्री तसाच पडून होता आणि तो लागू नसल्याचे फ्रेंच सरकारने २०१३ मध्ये येऊन स्पष्ट केले. ज्या बायकांनी त्या काळात पुरुषी कोट अंगावर चढवला, त्यांच्याविषयी मला आदर आहे. दार बंद असताना आतल्यांसारखे दिसणे हीदेखील दार उघडण्याची एक रीत असते आणि तिचा उपयोग झाला.

काकूंनी मला दोन्ही करून दाखवले. डाव्या खांद्यात पाऊण इंचाचे जाड पॅड टाचले आणि उजव्या खांद्यात, तो उतरलेला असल्यामुळे, फक्त पाव इंच फोमचा तुकडा टाचला, उतार भरून निघण्यापुरता. मग आधी डावी बाजू झाकून आणि नंतर उजवी झाकून आरशात पाहायला सांगितले. डाव्या बाजूला मी कोटाच्या आत होते. उजव्या बाजूला मी होते आणि अंगात कोट होता. यापेक्षा नेमके मला सांगता येणार नाही. डावे पॅड काढून टाकले आणि ते काढल्याबद्दल मला आजवर पश्चात्ताप झालेला नाही. खांद्याची शिवण माझ्या हाडावर जिथे संपायला हवी तिथेच संपते, आणि न्यायालयात माझे म्हणणे पूर्वीपेक्षा कमी ऐकले जाते असा अनुभव मला आलेला नाही.

त्या आरशाच्या वर एक जुने छायाचित्र चौकटीत लावलेले आहे. काकूंचे माहेर कल्याणचे, आणि १८६५ मध्ये कल्याणात जन्मलेल्या आनंदीबाई जोशी त्या छायाचित्रात आहेत. १८८५ च्या ऑक्टोबर महिन्यात फिलाडेल्फियातल्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयात ते घेतले गेले. आनंदीबाईंच्या शेजारी जपानच्या केई ओकामी आणि सीरियाच्या साबात इस्लामबूली आहेत, आणि तिघींनी आपापल्या देशाचा पोशाख केलेला आहे. त्या महाविद्यालयात तिथल्या बायका जे नेसत तसे कपडे या तिघींना सहज मिळाले असते. पुढच्या वर्षी मार्चमध्ये आनंदीबाईंना पदवी मिळाली. ट्रायलसाठी मांजरपाटाचा अर्धवट कोट घालून, टाचण्या टोचत, मी त्या छायाचित्राकडे किती वेळ पाहत उभी होते ते मला सांगता येणार नाही. आपल्यासारख्या दिसणाऱ्या कोणीही तिथे आधी गेलेले नसताना, आपण कोण आहोत हे कपड्यांतून लपवू नये एवढा विश्वास त्या विशीच्या मुलीला कुठून मिळाला असेल, हा प्रश्न मला त्या दिवशी घरी जातानाही सोडत नव्हता.

आता खिशांविषयी, ज्यांच्यासाठी मी हे दुकान कोणालाही सुचवीन. नऊवारी नेसणाऱ्या आमच्या आज्या-पणज्यांकडे कनवट होती. पैसे, किल्ली, सुपारीचा तुकडा कनवटीला लावला की हात मोकळे राहत आणि ते आपल्याजवळ आहे हे अंगाला कळत राही. ती सोय कनवटीबरोबर गेली आणि तिच्या जागी काही आले नाही. पर्स आली, जी हातात धरावी लागते, खांद्यावर अडकवावी लागते आणि कुठे ठेवली ते लक्षात ठेवावे लागते. जीन्ससारख्या कपड्यातही हा फरक राहिला. २०१८ मध्ये वीस ब्रँडच्या जीन्स प्रत्यक्ष मोजून केलेल्या एका पाहणीत स्त्रियांच्या जीन्सचे पुढचे खिसे पुरुषांच्या खिशांपेक्षा सरासरी ४८ टक्के कमी खोल आणि ६.५ टक्के अरुंद आढळले. माझ्या जुन्या कोटांचे बाहेरचे खिसे तर नुसती झडप होती, खाली पिशवीच नव्हती.

काकूंनी माझ्या कोटाला चार खिसे केले. बाहेरचे दोन तळहात मनगटापर्यंत मावेल इतके खोल आहेत आणि त्यांची पिशवी अस्तराच्या पातळ कापडाची नसून कॉटन ड्रिलची आहे, त्यामुळे किल्ल्यांनी फाटत नाही. आत डाव्या बाजूला चष्म्याचा उभा खिसा आहे आणि उजव्या बाजूला, कमरेच्या थोडा वर, रेल्वेच्या पासासाठी चोरखिसा आहे. छातीवर आतला खिसा केला तर बाईच्या कोटाची पुढची बाजू फुगते, म्हणून टेलर तो टाळतात. काकूंनी तो दीड इंच खाली आणि बगलेच्या बाजूला सरकवला आणि फुगवटा आला नाही. साधा उपाय आहे. माझ्या मते इतकी वर्षे तो कोणी केला नाही याचे कारण कठीणपणा नव्हे. बाईला आतला खिसा लागेल हे कोणाच्या मनातच आले नाही. पहिल्या दिवशी पक्षकाराने दिलेली चिठ्ठी मी कोटाच्या आत ठेवली आणि दोन्ही हात मोकळे ठेवून जिना उतरले. माझ्या वरिष्ठांना ही हालचाल मी हजारदा करताना पाहिले होते. पाडव्याच्या शोभायात्रेसाठी शिवलेल्या नऊवाऱ्यांची गर्दी झाली की काकू त्यांनाही कमरेत आतून मोबाइलचा खिसा घालतात आणि त्याला कनवटच म्हणतात, हे मला फार आवडले.

दुसऱ्या खेपेला माझी भाची बरोबर होती. ती ऐरोलीला एका कंपनीत काम करते, चोवीस वर्षांची आहे आणि वाशीला मैत्रिणीच्या स्वागत-समारंभात घालण्यासाठी तिला लाल रंगाचा, बिनबाह्यांचा, मागून खोल गळ्याचा ड्रेस शिवायचा होता. मी गप्प बसले नाही. “एवढी पाठ कशाला उघडी?” असे मी काकूंच्या देखत विचारले. भाची म्हणाली, “मावशी, मला आवडते म्हणून.” काकूंनी माझ्याकडे पाहिले नाही. त्यांनी वही उघडली आणि तिलाही तेच विचारले: हे घालून तू काय करणार? नाचणार का? बसून जेवण आहे की उभ्याने? रात्री घरी रिक्षाने येणार की कोणी सोडणार? तिच्या उत्तरांनुसार ड्रेस बदलत गेला. नाचायचे आहे म्हणून खालचा घेर तिरप्या कापडात बेतायचे ठरले, गळा खोल असूनही खांद्यावरून घसरू नये म्हणून आतून कमरेला इलॅस्टिकची पट्टी लावायची ठरली, आणि बाजूच्या शिवणीत मोबाइल मावेल असा खिसा आला. पाठ भाचीने सांगितली तेवढीच उघडी राहिली. लोक काय म्हणतील हा प्रश्न काकूंच्या वहीत कुठेच नव्हता, आणि मी जो प्रश्न विचारला तो खरे तर तोच होता. न्यायालयाच्या व्हरांड्यात ज्युनिअर मुलींच्या गळ्यांविषयी आणि केसांविषयी जे बोलले जाते ते ऐकत मी मोठी झाले आणि ते माझ्या तोंडात कधी आले हे मला कळले नाही. मी भाचीची माफी मागितली.

भाचीकडे छातीवर स्त्रीवादाचे वाक्य छापलेले दोन टी-शर्ट आहेत. या प्रकारच्या टी-शर्टांची लाट ज्यामुळे आली, ते मारिया ग्राझिया क्युरी या डिझायनरने २०१६ मध्ये डिओर या फॅशनच्या घराण्यासाठी केलेल्या पहिल्याच संग्रहात होते. डिओर या घराण्याची स्थापना १९४६ ची. पुढच्या वर्षी त्याने बारीक कमर आणि भरलेली नितंबरेषा असलेली आकृती जगभरच्या बायकांवर बसवली आणि स्त्रियांचे कपडे करणाऱ्या त्या घराण्याच्या प्रमुखपदी स्त्री यायला सत्तर वर्षे लागली. तो टी-शर्ट मला खोटा वाटत नाही. पण भाचीने लाल ड्रेसच्या खिशात हात घालून आरशासमोर जी गिरकी घेतली, तिच्यात मला त्या वाक्यापेक्षा अधिक काही दिसले, आणि तेव्हा तिच्या अंगावर एकही अक्षर नव्हते.

उणिवा बऱ्याच आहेत आणि त्या सांगितल्या पाहिजेत. बारा दिवसांत मिळेल असे सांगितलेला कोट मला एकतिसाव्या दिवशी मिळाला. मधल्या काळात मी चार वेळा फोन केला आणि तो एकदाच उचलला गेला. ज्या बाईला अमुक तारखेला कपडा हवाच आहे, तिने काकूंच्या शब्दावर विसंबू नये. ट्रायलची जागा म्हणजे कोपऱ्यात ओढलेला पडदा आहे आणि तो एका बाजूने पुरत नाही. बाईच्या मानाची इतकी काळजी घेणाऱ्या दुकानात हे मला खटकले आणि मी तसे सांगितलेही. जिना चढा आहे, लिफ्ट नाही, त्यामुळे गुडघ्यांचा त्रास असलेली माझी एक ज्येष्ठ मैत्रीण वर येऊ शकली नाही. कोटाबरोबर शिवलेल्या काळ्या ब्लाउजची बाही कोपराखाली आवळत होती. ती त्यांनी विनामूल्य उसवून दिली, पण शिवणीत माया, म्हणजे आत दुमडलेले जादा कापड, पुरेशी ठेवलेली नव्हती म्हणून नवी बाही जोडावी लागली आणि त्यासाठी माझ्या तीन खेपा झाल्या. पँट मात्र इथे शिवू नये. काकूंनी कोटाचे काम लग्नानंतर एका जेन्ट्स टेलरच्या हाताखाली शिकले आणि त्यात त्या निष्णात आहेत, पण बाईच्या पँटची बैठक त्यांना जमलेली नाही. माझी पँट बसताना मागून खाली सरकते आणि दोन दुरुस्त्यांनंतरही तो दोष गेलेला नाही.

ज्या ठाण्यात १९२५ मध्ये रेमंडची लोकरी गिरणी सुरू झाली आणि जिच्या नावाने पुढे देशभरचे पुरुष सुटाचे कापड ओळखू लागले, तिथे बाईला चांगला कोट शिवून देणारी जागा शोधायला मला २२ वर्षे लागली, हे मी कोणाला दोष देण्यासाठी लिहीत नाही. मी शोधतच नव्हते, हेही तितकेच खरे आहे.

खर्चाचे सांगायचे तर मला कोटाची शिलाई अस्तरासह ४,५०० रुपये पडली आणि टेरीवूलचे सव्वादोन मीटर कापड मी वेगळे नेले. तयार कोट मला साधारण दीड-दोन हजारांत मिळत असे, तेव्हा हा फरक लहान नाही आणि नुकतीच सनद घेतलेल्या मुलीला तो परवडणार नाही हे मला कळते. तिच्यासाठी एक मार्ग आहे. तयार कोट घेऊन गेल्यास काकू खांदे आत घेऊन, पॅड बदलून आणि आत एक खिसा लावून ९०० रुपयांत देतात. मुंढा मात्र पुरता दुरुस्त होत नाही, कारण खोल कापलेले कापड परत जोडता येत नाही. खांदा आत घेतल्याने तो जेवढा वर चढतो तेवढाच. कोट विकत घेताना म्हणूनच रंग आणि कापड पाहण्याआधी दोन्ही हात वर करून पाहावे, आणि कॉलर मानेपासून सुटत असेल तर तो कोट दुकानातच ठेवावा.

आपल्या हवेसाठी पूर्ण अस्तर घेऊ नये, पाठीला अर्धे अस्तर पुरते आणि बाहीला मात्र पूर्ण हवे, नाहीतर बाही ब्लाउजला चिकटते. जाताना नेहमीच्या चपला आणि नेहमीची पिशवी न्यावी, कारण काकू दोन्ही मागतात. नवरात्रापासून दिवाळीपर्यंत त्या कोटाचे काम घेत नाहीत. दुपारी एक ते चार दुकान बंद असते आणि सोमवारी सुटी असते. माझ्या कोटाच्या दोन्ही बाजूंच्या शिवणीत, ब्लाउजच्या अनुभवानंतर, त्यांनी सव्वा-सव्वा इंच माया सोडली आहे. मी कशासाठी म्हणून विचारले तेव्हा त्या म्हणाल्या, “अजून पंधरा वर्षं उभ्या राहणार ना तुम्ही? अंग बदलेल. मग घेऊन या.”